मावसोबांचा मूक प्रणयपट

प्रेमाविषयी एवढं बोलणारा आणि बायकोशी एवढं कमी बोलणारा माणूस आमच्या मावसोबांखेरीज अख्ख्या निजामी मुलखात दुसरा नसेल. त्यात त्यांचा दोष नव्हता. कळमनुरीच्या त्या घरात थोरली माणसं इतकी, की नवराबायकोने दिवसाढवळ्या एकमेकांकडे बघणं म्हणजे बेअब्रूच. तहान लागली की मावसोबा गोठ्यातल्या गाईला सांगत, "पाणी दे गं," आणि मावशी मुकाट्याने तांब्या आणून ठेवी.

दुसऱ्या महायुद्धाच्या आधी त्यांनी हैदराबादहून हँडल फिरवायचा जुना कॅमेरा आणला. औंढ्याची जत्रा टिपतील, अशी घरच्यांची समजूत. मावसोबा म्हणाले, "जत्रा काय, कुनालाबी दिसते. मला ओढ दाखवायचीय. कुनी कुनाला शिवायचं न्हाई, तरी दिसली पायजे." साखऱ्याचा एक मेंढपाळ नायक झाला. नायिका म्हणून भजनी मंडळातला एक गडी मिशा काढून, लुगडं नेसून बसला. फिल्म धुऊन आली तेव्हा तीत ओढ स्पष्ट दिसत होती, पण ती मेंढरांविषयी.

मग वडिलांना "सुनेचा फोटो काढतो" असं सांगून त्यांनी मावशीलाच अंगणात उभं केलं. नायक अर्थात स्वतः. पण हँडल फिरवायला परका माणूस ठेवला, तर तो एक डोळा मिटून आपल्या बायकोकडे बघणार! ते काही त्यांना खपेना. म्हणून नायक कॅमेऱ्यामागेच राहिला.

भरदुपारी धान्याच्या कोठीचं दार लावून, धोतर ताणून, फटीतून आरशाने ऊन आत घेऊन त्याच यंत्रातून घरच्यांना खेळ दाखवला. पडद्यावर मावशीने पदर सावरला, मान वर केली आणि ती बघत राहिली. तसं बघणं त्या घरात कुणी पाहिलं नव्हतं. थोरले दीर भिंतीकडे वळले. सासऱ्यांनी मान खाली घातली आणि म्हणाले, "बंद कर रे. सून बघून राहिली."

फिल्म चुलीत गेली. पुन्हा कॅमेऱ्यात फिल्म घालायची नाही, असा हुकूम झाला. रिकाम्या कॅमेऱ्याला मात्र कुणाची हरकत नव्हती. मग मावशीच सासूला ऐकू जाईल असं म्हणे, "यंत्र फिरवलं न्हाई तर गंजून जाईल." मावसोबा लगेच हँडल फिरवायला बसत आणि ती समोर उभी राही. असं कित्येक वर्षं चाललं.

मावसोबा गेल्यावर एकदा तिला बरं वाटावं म्हणून मी कॅमेरा काढला आणि हँडलला हात घातला. तिने पदर तोंडावर ओढून मान फिरवली.

"न्हाई रे लेकरा," ती म्हणाली, "ठिव ते."