पद्माबाईची बेंजो पार्टी

जवळा बाजार गावात वरातीपुढं ड्रमचा पहिला ठोका पडला की घरात बसलेली माणसंसुद्धा ओळखायची, आज पद्माबाई आली. कासोटा घट्ट, पदर खोचलेला, गळ्यात ड्रम, आणि चेहऱ्यावर असं हसू की लोक नवरदेवाला सोडून तिलाच बघत.

पार्टी मूळची तिच्या नवऱ्याची, भीमराजची. मागासवर्गीयांसाठीच्या एका सरकारी महामंडळाचं कर्ज काढून त्यानं स्पीकर, बेंजो, ड्रम आणले होते. मग तो काविळीनं गेला. बौद्धवाड्यातली वाजवणारी पोरं विचारू लागली, "काकू, पार्टी मोडायची का?"

"मोडायची काहून? मला शिकवा की!"

दार लावून तिनं ड्रम बडवला, शेजाऱ्यांना हैराण केलं, आणि एक दिवस स्वतःच वरातीपुढं उभी राहिली. आधी लोक हसले. नंतर सुपारी द्यायला तिच्या दारी येऊ लागले.

पुढं सरकारनं महामंडळाची जुनी कर्जं माफ केली. शेजारच्या संतरामचं शिलाई मशीनचं कर्ज गेलं, त्यानं गल्लीत पेढे वाटले. पद्माबाईही हरखून कचेरीत गेली. वसुलीचे साहेब माणिकराव म्हणाले, "माफी कर्जदाराला आहे, बाई. तुमचा कर्जदार मयत."

"मंग कर्ज बी गेलं म्हणा."

"ते कसं जाईल? ते वारसावर आलं."

"म्हंजे देणं माझ्याकडं आलं, आन् माफी त्याच्यासंगं गेली?"

साहेबांनी पुढची फाइल ओढली. थोड्याच दिवसांत टेम्पो आला आणि ऐन लग्नसराईत सगळं सामान उचलून घेऊन गेला.

दुसऱ्या दिवशी पुसेगावचं लग्न होतं. शब्द दिलेला. पद्माबाईनं तेलाचे रिकामे डबे गोळा केले, एक हलगी मागून आणली आणि वरात काढली. नवरीची आजीसुद्धा नाचली. पण परत येताना पद्माबाई पोरांना म्हणाली, "डब्यावर किती दिस काढायचे? हे बराबर न्हाई."

औंढ्याच्या कोर्टात गरिबांना फुकट वकील मिळतो, हे तिला संतरामनं सांगितलं. तिथं प्रियदर्शनी नावाची तरुण वकील भेटली. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "तुमच्यासारख्या आणखी कोणी आहेत?"

होत्या. सखुबाई, जिवनबाई, दोघी विधवा, दोघींना तेच उत्तर मिळालेलं. पद्माबाई त्यांना घेऊन आली.

प्रकरण कोर्टात गेल्यावर माणिकरावांनी तिला बाजूला घेतलं. "तुमचं एकटीचं मिटवून टाकतो. आजच सामान घेऊन जा."

लग्नाच्या तिथी समोर होत्या. पद्माबाईनं त्या बोटांवर मोजल्या. मग ती म्हणाली, "आमी तिघी संगं आलो, साहेब. संगंच जाऊ."

सुनावणीत न्यायाधीशांनी विचारलं तेव्हा ती उभी राहिली. "साहेब, वसुलीला आमी वारस हाव. मंग माफीला कोण हाव?"

न्यायाधीश हसले, माणिकरावांच्या वकिलाकडे वळले आणि म्हणाले, "द्या उत्तर." वकिलानं माफीचा कागद दोनदा चाळला आणि खाली बसला. तिघींचीही कर्जं माफ धरावीत आणि जप्त केलेलं सामान परत करावं, असा हुकूम झाला.

सामान आलं तेव्हा उंदरांनी वायरी कुरतडल्या होत्या. पोरांनी त्या जोडल्या. मग बौद्धवाड्यापासून बाजारापर्यंत पार्टी निघाली. सखुबाईनं गुलाल उधळला. जिवनबाईला नाचता येत नव्हतं, तरी ती नाचली. दुकानदार गल्ले सोडून बाहेर आले.

पुढच्या महिन्यात माणिकराव स्वतः दारात आले. अवघडून उभे राहिले. "पोराचं लग्न आहे. येता का?"

"येऊ की. पण सुपारी पुरी घेईन, त्यात माफी न्हाई."

ते खळखळून हसले, तेव्हा तिनं आत बसवून त्यांना चहा दिला. लग्नात तिनं असं वाजवलं की शेवटी माणिकरावांनी फेटा सावरत वरातीत उडी घेतली.