निहारच्या डोक्यातलं जुनं रक्त

"आल्झो," म्हणजे जर्मनमध्ये 'तर मग', असं म्हणून डॉक्टरबाईंनी स्क्रीन आमच्याकडे वळवली. सीटी स्कॅनमध्ये माझ्या नातवाचं डोकं करडं दिसत होतं आणि डाव्या बाजूला, कवटीच्या आतून, चंद्रकोरीसारखी एक पट्टी. "सबड्यूरल हेमॅटोमा." सुनेने मला मराठीत सांगितलं. मेंदू आणि त्याचं वरचं आवरण यांच्यामध्ये रक्त साचलंय, त्याने मेंदू दाबला जातोय. आजच ऑपरेशन.

मग डॉक्टरबाईंनी पेनाच्या टोकाने त्या पट्टीचे दोन भाग दाखवले. पांढरा भाग ताजा, कालच्या माराचा. काळपट भाग जुना, अंदाजे तीन आठवड्यांचा. "तेव्हा याच्या डोक्याला काही लागलं होतं का?"

माझा मुलगा मंदार म्हणाला, नाही. सून केतकी म्हणाली, नाही. खोलीत तिसरा मी होतो. मी स्क्रीनकडे बघत राहिलो.

याला दोन वर्षं झाली. कराडचे आमचे नातेवाईक अजून म्हणतात की त्या हेल्मेटच्या खेळाने पोराचा घात केला. ते खरं नाही. म्हणून हे लिहितो आहे. मुलांकडे परदेशी राहणाऱ्या माझ्यासारख्या आजी-आजोबांनी तर जरूर वाचावं.

मी कराडच्या एका शाळेत एकतीस वर्षं पी.टी. शिकवली, कबड्डीचे संघ घडवले. बायको गेल्यावर जर्मनीत वाल्डॉर्फला मुलाकडे आलो. मंदार आणि केतकी दोघंही सॉफ्टवेअरमध्ये. सकाळी दोघं गेली की घरात मी आणि भिंतीवरचं घड्याळ. जर्मन मला चार शब्दांपलीकडे आलं नाही. निहार इथेच वाढला. मराठी त्याला सगळी समजते, पण उत्तर जर्मनमध्ये. आई रागावली की "या, या", म्हणजे 'हो, हो', करत जिना चढायचा.

आम्हाला जवळ आणलं ते रग्बीने. त्याचा सामना पहिल्यांदा बघितला तेव्हा मी म्हणालो, "अरे, ही तर कबड्डीच! फक्त श्वास घ्यायला परवानगी आहे." त्या दिवसापासून मागच्या हिरवळीवर मी त्याला घोट्याची पकड शिकवू लागलो. सत्तरी ओलांडलेला मी आणि नव्वद किलोचा तो. शेजारीणबाई कुंपणावरून बघायच्या आणि मान हलवायच्या. क्लबची पोरं मला 'ओपा' म्हणायची, म्हणजे आजोबा.

निहारच्या पकडी बघूनच हेल्मेट घालून खेळायच्या अमेरिकन फुटबॉलच्या एका संघाने त्याला ट्रायलला बोलावलं. तेव्हा तो एकवीस वर्षांचा होता. रग्बीत हौस होती, इथे करार होता, पगार होता. खेळ वेगळा, पण त्यांना समोरच्याला अडवणारा माणूस हवा होता आणि ते निहारला येत होतं. घरात दुसरा विषय नव्हता. केतकीने तर पेढ्यांसाठी खवा कुठे मिळेल तेही बघून ठेवलं.

ट्रायल बुधवारी होती. त्याआधीच्या रविवारी त्याचा शेवटचा रग्बीचा सामना झाला.

मी रेषेजवळ खुर्ची टाकून बसलो होतो. एकाला पकडताना त्याचा गुडघा निहारच्या कानशिलावर बसला. चेंडू लगेच पलीकडे गेला आणि सगळे चेंडूमागे. निहार माझ्यासमोर पालथा पडला होता, एक हात ताठ पुढे. मी सवयीने आकडे मोजले. अकरापर्यंत तो हलला नाही. फिजिओथेरपिस्टला बोलवायला मी हात अर्धा वर केला, तेवढ्यात त्याने डोळे उघडले.

"आबा, कोणाला सांगू नका," तो म्हणाला. "बुधवारी ट्रायल आहे."

अख्खं वाक्य मराठीत. कित्येक महिन्यांत त्याने माझ्याशी एवढं मराठी बोललेलं मला आठवत नव्हतं. माझा हात खाली आला.

फिजिओ मुलगी धावत आली. तिने मला बघितलं, दोन्ही तळवे गालाखाली घेतले, डोळे मिटले आणि भुवया उंचावून विचारलं. तो बेशुद्ध होता का, एवढाच प्रश्न. भाषा आड येण्यासारखं त्यात काही नव्हतं. मी मान हलवली. नाही. पाय घसरल्याचं बुटाने करून दाखवलं.

याला 'कन्कशन' म्हणतात. डोक्याला हिसका बसून मेंदूचं काम थोडा वेळ बिघडतं. शुद्ध हरपलीच पाहिजे असं नाही, पण हरपली तर खेळाडूला मैदानाबाहेर काढतात आणि डॉक्टरने परवानगी दिल्याशिवाय परत घेत नाहीत. हे मला तेव्हा माहीत नव्हतं. पण काहीतरी लपवतो आहे हे माहीत होतं.

पुढची गोष्ट मला जास्त टोचते. त्या संध्याकाळी निहारने मला विचारलं, सामना कसा संपला? त्याला पडलेलं आठवत नव्हतं, माझ्याशी बोललेलंही नाही. म्हणजे ती अकरा आकड्यांची गोष्ट जगात मला एकट्यालाच ठाऊक होती. ट्रायलच्या फॉर्मवर डोक्याच्या दुखापतीचा प्रश्न होता. तो मोडक्यातोडक्या मराठीत म्हणाला, "आबा, रविवारी मला डोक्याला लागला काय?"

"छे," मी म्हणालो. "घसरलास नुसता."

त्याने प्रामाणिकपणे 'नाही' लिहिलं. निवड झाली. पेढे झाले. त्याचं डोकं रोज थोडं दुखायचं आणि मी रोज तेल लावून द्यायचो. आमच्या वेळी पोरं पडायची, माती झटकून उठायची, असं मनाशी म्हणायचो. तीन आठवड्यांनी नव्या संघाच्या सरावात एक साधी टक्कर झाली. रात्रभर डोकं दुखलं, सकाळी उलट्या, आणि त्याला आईचं नाव आठवेना.

ऑपरेशनचं नाव 'बर होल'. कवटीला छोटं भोक पाडून साचलेलं रक्त बाहेर काढतात, मग एक-दोन दिवस नळी ठेवतात. दोन तास आम्ही बाहेर बसलो होतो. फुटबॉलचा कोच आला, दाराएवढा माणूस, टोपी हातात, फुलं घेऊन. केतकी जर्मनमध्ये त्याच्यावर तुटून पडली. नंतर मंदारने सांगितलं, ती म्हणाली होती, "डोकी आपटायला शिकवता आणि फुलं घेऊन येता?" कोच फुलं खुर्चीवर ठेवून गेला. शेजारच्या खुर्चीवर मी होतो.

ऑपरेशन चांगलं झालं. दुसऱ्या दिवशी निहारने डोळे उघडून पाणी मागितलं. पण डॉक्टरबाई समाधानी नव्हत्या.

"जुनं रक्त कुठून आलं ते कळत नाही," त्या म्हणाल्या. "मार नसेल, तर एखादी रक्तवाहिनी कमकुवत असू शकते. उद्या अँजिओग्राफी करू." मांडीच्या सांध्यातून बारीक नळी मेंदूच्या रक्तवाहिन्यांपर्यंत नेतात, औषध सोडून फोटो काढतात. पक्षाघाताचा धोका असतो. फार थोडा, पण असतो. निहार अजून गुंगीत होता, म्हणून कागद आईबापांपुढे आले. केतकीने ते वाचायला चष्मा लावला.

"केतकी, थांब जरा," मी म्हणालो. "मार लागला होता असं कळलं, तर ही नळी घालावी लागेल का, विचार त्यांना."

"बाबा, आत्ता हे काय मध्येच? लागलाच नव्हता ना."

"लागला होता."

मंदार उठून उभा राहिला. केतकीने त्याच्या दंडाला धरून त्याला बसवलं आणि चष्मा काढला. "तुम्ही बोला," ती मला म्हणाली. "मी त्यांना सांगते."

माझा गुन्हा माझ्या सुनेच्या तोंडून जर्मनमध्ये गेला. मी एक वाक्य बोलायचो, ती एक वाक्य बोलायची, माझ्याकडे न बघता. मला त्यातला फक्त 'ओपा' कळत होता. तो पुन्हा पुन्हा येत होता. निहारने सांगू नका म्हटलं, इथे ती थांबली.

"मराठीत म्हणाला?"

"हो."

तिने खाली बघितलं. मग तेही वाक्य सांगितलं.

डॉक्टरबाई रागावल्या नाहीत. सगळं लिहून घेतलं, किती मोजले ते दोनदा विचारलं. "काल कळलं असतं तर बरं झालं असतं," त्या म्हणाल्या. "आज कळलं, तेही उपयोगाचं आहे." अँजिओग्राफी रद्द झाली. त्याऐवजी नळी न घालता होणारा एमआरआय केला. रक्तवाहिन्या ठणठणीत होत्या.

बाहेर आल्यावर केतकीने पिशवीतून डबा काढून माझ्या मांडीवर ठेवला. "खाऊन घ्या, बाबा. मला आत्ता तुमच्याशी बोलता येणार नाही, पण खाऊन घ्या." मी डबा संपवला आणि धुऊन तिच्या पिशवीत ठेवला.

घरी आल्यावर निहारला मीच सांगितलं. त्याने शांतपणे ऐकलं. डॉक्टरांनी टकरीचे खेळ कायमचे बंद केले होते, करार गेला होता. तो ओरडला असता तर बरं झालं असतं. तो फक्त जर्मन बोलायला लागला. "गुटन मॉर्गन, ओपा." 'आबा' हा शब्द गेला. उजेड सोसत नाही म्हणून पडदे ओढून तो दिवसभर पडायचा, मी दाराशी चहा ठेवून यायचो. चहा संपलेला असायचा, त्यावर मी दिवस काढायचो.

कोचला मी माफीचं पत्र लिहिलं. केतकीने भाषांतर केलं. आठवड्याने तो माणूस घरी आला आणि निहारपाशी तासभर बसला. त्याच्या संघातली पोरं हेल्मेटच्या भरवशावर डोकं पुढे घालतात. रग्बीवाल्याला हेल्मेट नसतं, म्हणून तो डोकं बाजूला ठेवून खांद्याने आणि हातांनी पकडतो. ते आमच्या पोरांना शिकवशील का, असं तो विचारायला आला होता.

निहार आधी आठवड्यातून एकदा गेला, मग तीनदा. आता त्याच संघात त्याची पकड शिकवायची नोकरी आहे. खेळाडू म्हणून घालायचा होता तो शर्ट तो प्रशिक्षक म्हणून घालतो.

ऑपरेशनला वर्ष होत आलं होतं. इथे वसंतात भाजी म्हणून खातात त्या शतावरीचे हिरवे-पांढरे ढीग रस्त्याकडेच्या टपऱ्यांवर लागले होते. निहारने गाडी काढली आणि मला बसायला खुणावलं. मैदानावर त्याने रेषेजवळ खुर्ची उघडली.

"आबा, बसा," तो म्हणाला. "मी पोरांना घोट्याचा पकड दाखवणार. कोण पडला आणि उठला नाही, तर हात वर करा. कोण काय सांगला तरी."

व्याकरण कच्चं होतं. मी दुरुस्त केलं नाही.

तेव्हापासून ते माझं काम आहे. गेल्या मंगळवारी एक दांडगट पोरगा पडला, चार मोजेपर्यंत हलला नाही, मग उठून माझ्याकडे बघत हसला आणि ओठांवर बोट ठेवलं. गोड पोरगा आहे. दर वेळी मला हात धरून खुर्चीत बसवतो.

मी हात वर केला. निहार येईपर्यंत तसाच धरून ठेवला.