मनोहरनं कापलेली हळद

मनोहर गेल्याचं त्याच्या बायकोनं फोनवर सांगितलं, तेव्हा मी दवाखान्यात बीपीच्या गोळ्यांच्या रांगेत होतो. रांग सोडली नाही. या वयात बातम्या अशाच येतात, माणूस आपला उभाच राहतो...

खुर्सीपारच्या एका खोलीत मनोहरनं जन्मभर फिल्मा कापल्या. आधी दोन व्हीसीआर जोडून, मग कम्प्युटरवर. छत्तीसगढी गाण्यांचे अल्बम केले, एक-दोन सिनेमेही केले, पण घर चाललं ते लग्नांवर. स्टील प्लांटच्या सेक्टरमधल्या अर्ध्या मराठी घरांची लग्नं त्याच्या हाताखालून गेली. "शूटिंग कोणीबी करते भाऊ, लग्न मी लावतो," म्हणायचा.

माझ्या बहिणीचं लग्नही त्यानंच लावलं. आई लवकर गेली, म्हणून विधवा आत्यानं तिला वाढवलं होतं, आणि पहिली हळदही आत्यानंच लावली. कॅसेट सासरी जाणार, लोक काय म्हणतील, या धाकानं मी मनोहरला म्हटलं, तेवढं काढून टाक.

"भाऊ, पोरगी तर आत्यानंच वाढवली ना?"

"तुले सांगतो तेवढं कर."

त्यानं केलं. घरी सगळे कॅसेट पाहायला बसलो. हळद आली, गेली. आत्या शेवटपर्यंत बसली, मग चहा ठेवायला उठली. मला आजही त्याची लाज वाटते.

पुढं मनोहर गिऱ्हाइकाला आधीच सांगायचा, विधवा बाई कापून पाहिजे असेल तर दुसरा माणूस पाहा. कामं गेली त्यापायी. मी मात्र आत्यापुढं कधी तोंड उघडलं नाही.

तेरवीनंतर मनोहरच्या बायकोनं माझ्या नावाची एक पेनड्राइव्ह हातात दिली. त्यात आत्याची हळद होती, अख्खी. मनोहरनं ती जपून ठेवली होती.

गेल्या रविवारी पद्मनाभपूरला आत्याकडं गेलो. आत्या आता ऐंशीच्या पुढं. लॅपटॉप लावला आणि सांगून टाकलं, आत्या, हे मीच कापायला लावलं होतं.

तिनं पूर्ण पाहिलंही नाही.

"मालूम आहे मले," ती म्हणाली. "कॅसेट पाहिली त्याच आठवड्यात मनोहर येऊन अख्खी हळद दाखवून गेला होता. रडून राहिला होता बिचारा. त्या दिवशी तो घरी गेल्यावर वाटलं, आता तू येशील... लय वर्षं लावली रे बापू तू."