तोंडी परवानगी

हे सांगायचं मी आठ वर्षं टाळलं. भीती वाटायची. आज लिहितानाही वाटते आहे.

आमच्या नाशिकच्या शाळेत मानधनावर एक ग्रंथपाल बाई होत्या. वाचनालयाच्या दारात कुणी घुटमळलं की खुर्ची पुढे सरकवत म्हणायच्या, "बस गं. इथे कुणी काही विचारत नाही."

पन्नाशीच्या या बाईंना जपानी कार्टूनचं वेड. मी मुख्याध्यापक, चेष्टा करायचो.

"बाई, काल काय झालं तुमच्या जपानात?"

"ॲनिमे म्हणतात त्याला, सर. एकीचा डबा घरी राहिला. तिघींनी आपापल्यातलं दिलं."

"मग?"

"मग काय, संपला भाग."

"एवढंच?"

"चार मैत्रिणी, शाळा, आणि वीस मिनिटं कुणाचंच वाईट होत नाही. तिसऱ्यांदा बघतेय मी."

त्या जूनमध्ये हरसूलकडच्या आदिवासी पाड्यांवरच्या मुली शाळेच्या वसतिगृहात आल्या. बावरलेल्या, जेवायलाही तयार नसत. शनिवारी शाळा सुटल्यावर त्यांना एखादा भाग दाखवू का, असं विचारत बाईंनी सहीसाठी सूचनावही पुढे केली.

"कशाला लिहिता? तोंडी परवानगी आहे समजा," मी म्हणालो. निम्मा कारभार मी असाच चालवायचो. सही नाही, म्हणजे उद्या गळ्याशी येणं नाही.

पहिल्या शनिवारी बाई पडद्याशेजारी उभ्या राहून मराठीत सांगत होत्या. मागून एक मुलगी ओरडली, "बाई, ही तं माझ्यावानीच ढ हाय!" सगळ्या खिदळल्या. त्या संध्याकाळी पोटभर जेवल्या.

पुढच्या एका शनिवारी संस्थेच्या पदाधिकाऱ्यांनी ते खिडकीतून पाहिलं. बैठकीत आवाज चढला. "शाळेत हे थेर? परवानगी कोणाची?"

बाईंनी विश्वासाने माझ्याकडे पाहिलं. माझी निवृत्ती चार महिन्यांवर आली होती.

"मला कल्पना नव्हती," मी म्हणालो.

सूचनावही मागवली गेली. तिच्यात नोंद नव्हतीच. बाई वही मिटून, माझं नाव न घेता उठल्या. पुढच्या जूनमध्ये त्यांना कामावर बोलावलं नाही.

गेल्या वर्षी धीर करून नाशिकच्याच द्वारका चौकाजवळच्या त्यांच्या घरी गेलो. दारात मला पाहताच त्यांचा चेहरा पांढराफटक पडला.

"सर... आता काय झालं?"

मला पाहून कुणी इतकं घाबरावं! "काही नाही, सहज आलो," म्हटलं. चहा प्यालो, गुडघेदुखीवर बोललो आणि उठलो.

दिवाळीनंतर पुन्हा गेलो. दार त्यांच्या भाचीने उघडलं. बाई महिन्यापूर्वीच गेल्या होत्या.

बाई, परवानगी मी दिली होती. मी खोटं बोललो. मला माफ करा.