मंगळवारची कविता

श्रीपेरुंबुदूरला जाणाऱ्या कंपनीच्या बसमध्ये तो माझ्या शेजारी बसायचा. मोबाईलवर लिहिलेल्या कविता मला हळू आवाजात वाचून दाखवायचा आणि वाचताना अंगठ्याने घड्याळाची काच पुसत राहायचा. सगळ्या कविता घरातल्या एका आजारी माणसावर असत. मी त्या बायकोवरच्या समजत होतो.

बुधवारी विचारलं, "वहिनी कशा आहेत?"

"वहिनी नाही, तो होता. आठ वर्षं एकत्र राहिलो. सोमवारी गेला."

मंगळवारीही हा कामावर आला होता.

"रजा नाही घेतलीत?"

"अर्जात मयताशी नातं लिहावं लागतं. मी रूममेट लिहिलं. नामंजूर झाला."

मंगळवारच्या कवितेत तो आजारी माणूस मरतो. ती ऐकून मी म्हणालो होतो, "मरण जरा ओढूनताणून आणलंय."