थोरल्या दिराचा तारा

माझं लग्न एका ताऱ्यावर अडलं होतं, आणि तो तारा आकाशात कुठे असतो हे अडवणाऱ्यांपैकी एकालाही माहीत नव्हतं. मला खरा राग आला तो याचा.

मी सातपूरच्या एका कारखान्यात तपासणी विभागात आहे. यंत्रावरून उतरलेले शाफ्ट मोजायचे आणि केसाच्या जाडीहून कमी फरक निघाला तरी बाजूला काढायचे, हे माझं काम. तिथेच मेंटेनन्सला असलेल्या मुलाशी माझं जुळलं. तो निफाडकडचा. वडील नाहीत, घरी आई आणि थोरला भाऊ; द्राक्षबाग भावाच्या जिवावर चाललेली. दोन्ही घरांना पसंती होती. मग पत्रिका गेली. मुलीला मंगळ नाही ना, हा पहिला प्रश्न. नव्हता. सगळ्यांनी हुश्श केलं, पेढ्यांची भाषा सुरू झाली. तेवढ्यात त्यांच्या गुरुजींच्या लक्षात आलं की मुलगी ज्येष्ठा नक्षत्रावरची आहे.

ज्या घरांत पत्रिका बघतात तिथे पुढचं सांगावं लागत नाही. मुळावरची मुलगी सासऱ्याला वाईट, आश्लेषावरची सासूला आणि ज्येष्ठेवरची थोरल्या दिराला. म्हणजे इकडे मी माप ओलांडून घरात शिरणार आणि तिकडे तो भला माणूस बागेत आडवा होणार. त्यात वर्षभरापूर्वीच त्याचा ट्रॅक्टर पलटला होता. पायात सळई घातलेली, चालताना लंगडायचा. त्याच्या आईने ऐकल्या ऐकल्या नको म्हणून कळवलं.

आमच्या पप्पांनी तोडगा काढला. जन्मवेळ लिहिताना चुकली होती म्हणायचं आणि ती थोडी मागे घ्यायची, की मी अनुराधा नक्षत्रात जाते आणि सगळं गोड होतं.

"सगळेच करतात," ते म्हणाले. "आपले गुरुजीसुद्धा तयार आहेत."

"पप्पा, माप फिरवून मी एक तुकडा पास करत नाही."

"अगं, पण हा काय शाफ्ट आहे?"

"नाही. ही मी आहे," मी म्हणाले, आणि ताट बाजूला सारलं.

मला तो मुलगा हवा होता, हे इथे सरळ सांगून टाकते. पण खोट्या वेळेवर त्या घरात गेले असते, तर पुढे कुणाला साधी ठेच लागली तरी मी तोंड लपवत फिरले असते. तसं जगायचं नव्हतं. मी त्याला सांगून टाकलं, लग्न होईल तर माझ्या खऱ्या वेळेवर, नाहीतर होणार नाही. तो बिचारा आई आणि मी यांच्यात पार भरडला गेला.

ज्याच्या नावाने आपल्यावर आरोप आहे तो तारा आहे तरी कसा, हे बघावं म्हणून मी कंपनीच्या बसमध्ये मोबाइलवर ज्येष्ठेचं वाचायला घेतलं. आणि बाई गं, मला तर अभिमानच वाटायला लागला! वृश्चिक राशीतला हा तांबडा तारा म्हणजे साधासुधा ठिपका नाही. आपला सूर्य काढून त्याच्या जागी ज्येष्ठा ठेवली तर बुध, शुक्र, पृथ्वी सगळे तिच्या पोटात जातील, आणि ज्याच्या नावाने आपल्याकडे निम्मी लग्नं मोडतात तो मंगळसुद्धा. एवढी अवाढव्य, पण अंगाने विरळ. बाहेरचा थर आपल्या हवेहूनही पातळ. रंग तांबडा, कारण ती सूर्यापेक्षा थंड आहे. हे मला लगेच पटलं. आमच्या भट्टीतही लाल दिसणारं लोखंड पिवळ्या लोखंडापेक्षा कमी तापलेलं असतं. आणि अंतर एवढं, की आज दिसणारा तिचा उजेड साडेपाचशे वर्षांपूर्वी निघाला, तेव्हा आपल्याकडे द्राक्षबागा तर सोडाच, मिरचीसुद्धा कुणी पाहिली नव्हती.

फेब्रुवारी चालू होता. पहिल्या पाळीच्या बसची वाट बघताना मी दक्षिणेकडे मान वर केली, तर ती तिथे होतीच, तांबूस आणि अगदी शांत. मला तिच्यात कुणाचा जीव घेण्यासारखं काही दिसलं नाही.

मग माझ्या मनात आलं, ज्याच्या जिवाची एवढी काळजी चाललीय त्याला कुणी विचारलंय का? मी होणाऱ्या नवऱ्याला फोन केला. म्हटलं, सुट्टीच्या दिवशी पहाटे येते, दादांशी बोलायचंय. पप्पा म्हणाले, मुलीकडच्यांनी असं जायची पद्धत नाही. म्हणाले, आणि स्वेटर, कानटोपी चढवून स्कूटरवर माझ्या मागे बसले.

आम्ही पोहोचलो तेव्हा तोडणीचे मजूर यायचे होते. दादा बागेच्या बांधावर रिकामी क्रेट मांडत होते. शेजारी त्यांची आई शाल घेऊन उभी. होणारा नवरा चहाची किटली घेऊन मध्येच अवघडून उभा राहिला. पप्पांनी नमस्कार केला, कुणी बसा म्हणालं नाही.

मी सरळ विषयाला हात घातला. "दादा, ती बघा. माझी ज्येष्ठा."

त्यांनी वर बघितलं आणि हसायलाच लागले. "तो व्हय? तो तर मंगळ हाय!"

"मंगळ नाही."

"मंगळच. बापाबरोबर बागेत यायचो तवापासून बघतोय. द्राक्षं उतरायला आली की हा हितंच असतो, या टायमाला."

"म्हणूनच तो मंगळ नाही. मंगळ भटका, आज इथे तर पुढच्या वर्षी भलतीकडे. दर तोडणीला एकाच जागी दिसायला तो काय तुमचा गडी आहे?"

दादा विचारात पडले. त्यांनी कंबरेवर हात ठेवून पुन्हा नीट वर बघितलं. "म्हणजे," ते हळूच म्हणाले, "मला जी वाईट, तिच्याखाली मी सारा जलम द्राक्षं तोडली?"

"हो."

"आये, ऐकलं का? ही रोज डोक्यावर हाय माझ्या. अन् ट्रॅक्टर पलटला तो भर दुपारी, उन्हात. तवा ही पोरगी सातपूरला, हिला माझं नावबी ठाव नव्हतं. आता हिच्यावर कशाचा आळ घ्यायचा?"

मला वाटलं, जिंकले. पण त्यांच्या आईने वर बघितलंच नाही. त्यांची नजर दादांच्या पायावर होती.

"ते समदं खरं आसंल," त्या म्हणाल्या. "पर परत काय झालं तर?"

त्या प्रश्नाला ताऱ्याकडे उत्तर नव्हतं. मी आतापर्यंत या बाईंवर मनातल्या मनात चिडून होते, ते सगळं तिथेच ओसरलं. काही होणार नाही, असं म्हणणं सोपं होतं. पण खोटं बोलायचं नाही म्हणून तर मी इतक्या लांब आले होते.

"होऊ शकतं काकू," मी म्हणाले. "ट्रॅक्टर आहे, विहीर आहे, औषधं फवारायची आहेत. माझ्या हातात ते नाही. पण झालंच तर मी पळून जाणार नाही."

दादांनी क्रेट मांडायचं थांबवलं.

"मागल्या टायमाला नाशकाच्या दवाखान्यात मी एकलीच बसले व्हते," त्या म्हणाल्या. "धाकटा डूटीवर. रक्त आणाया सांगितलं, तर कुटं जायचं तेबी कळंना मला."

"आता आपण दोघी असू," मी म्हणाले.

त्यांनी पदराने डोळे पुसले आणि धाकट्याकडे वळून जवळजवळ ओरडल्याच, "आरं, चहा निवला त्यो! व्याह्यांना बसाया कायतरी दे की!"

पप्पा उलट्या क्रेटवर बसले आणि कानटोपी काढून हातात घेतली.