मस्टरची पहिली ओळ

शिक्षकांच्या खोलीत किस्से तपासायच्या वह्यांसारखे साचतात. जुने हातावेगळे होण्याआधी नवा गठ्ठा येऊन पडतो. पुढील किस्से संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीच्या दिवसांतले आहेत. एम.ए. होऊन मी नुकताच गिरगावातल्या एका शाळेत लागलो होतो. पहिला किस्सा आमचे शिपाई परबकाका यांनी एका शनिवारी शाळा सुटल्यावर सांगितला. बाकीचे मी स्वतः पाहिले.

मुख्याध्यापक निवृत्त होणार होते. जागेवर हक्क दोघांचा : डिलाईल रोडच्या चाळीत राहणारे सावंत सर आणि दादरच्या कारखानीस बाई. दोघे एकाच दिवशी नोकरीला लागलेले. मग वयाने ज्येष्ठ कोण ते पाहू, असे संस्थेने ठरवले. दोघांचीही जन्मतारीख निघाली जूनची पहिली, सालही तेच! शाळेत नाव घालताना दोघांच्याही मास्तरांनी सोयीची तारीख लिहून टाकली होती.

परबकाका म्हणाले, "आमच्या संस्थेत शंभर माणसं त्याच दिवशी जन्मली, सर."

*

शेवटी पहिल्या दिवसाचे मस्टर काढण्यात आले. पहिल्या ओळीवर बाईंची सही, दुसऱ्या ओळीवर सावंत सरांची. संस्थेने बाईंची निवड केली.

सावंत सरांचे म्हणणे असे, की ते आधी आले होते. नव्या माणसाने सर्वांत वर सही करणे बरे दिसत नाही, म्हणून पहिली ओळ त्यांनी मुख्याध्यापकांसाठी सोडली. मुख्याध्यापक स्वतः मस्टरवर सही करत नाहीत, हे त्यांना त्या दिवशी माहीत नव्हते. आता गिरणीत आयुष्य गेलेल्या आपल्या वडिलांना मुख्याध्यापकांच्या खोलीत एकदा तरी नेऊन बसवावे, एवढ्यासाठी त्यांनी कोर्टात दावा लावला.

*

दोघांच्या वकिलांनी सरांना आणि बाईंना एकमेकांशी बोलण्यास मनाई केली. दोघे एकाच टेबलाशी समोरासमोर बसत आणि माझ्यामार्फत बोलत. "सरांना सांगा, आठवीच्या वर्गाचा नकाशा फाटला आहे." मी सांगत असे. "बाईंना विचारा, आज डब्यात काय आहे." मी विचारत असे. थालीपीठ असले, की त्याचा अर्धा भागही माझ्याच हातून पलीकडे जाई.

*

एका संध्याकाळी शिवाजी पार्कवरच्या सभेत दोघे शेजारी उभे राहून मुंबईसाठी घोषणा देत होते. बाईंच्या वकिलांनी ते पाहिले व दुसऱ्या दिवशी जाब विचारला.

बाई शांतपणे म्हणाल्या, "तुम्ही बोलायला मनाई केली होती. घोषणांचं काही म्हणाला नव्हतात."

*

सुनावणीला मी हजर होतो. वकिलांचा युक्तिवाद लांबत चालला, तेव्हा न्यायाधीशांनी बाईंनाच विचारले, "तुम्ही सही केलीत, तेव्हा खालच्या ओळीवर काही होतं का?"

"होतं. सावंत सरांची सही. शाईसुद्धा वाळली होती."

"मग तुम्ही वर का केलीत?"

"ओळ रिकामी होती. कागद वाया का घालवायचा?"

"हे इतके दिवस सांगितलं का नाहीत?"

"विचारल्याशिवाय बोलायचं नाही, असं वकिलांनी बजावलं होतं."

बाईंच्या वकिलांनी डोळे मिटून घेतले. सावंत सर इतका वेळ उभे होते. ते बाकावर बसले. ट्रामने परतताना माझ्या लक्षात आले, की दोघे बोलत आहेत आणि मला मध्ये कुणीही घेतलेले नाही. इतके हलके मला परीक्षेचा निकाल लागल्यावरही वाटले नव्हते.

*

सावंत सर मुख्याध्यापक झाले. पहिल्या दिवशी त्यांचे वडील इस्त्रीचे धोतर नेसून त्यांच्या खोलीत बसले होते. मस्टरही तिथेच होते. मुख्याध्यापकाने सही करण्याची आमच्याकडे प्रथा नव्हती, तरी दुसऱ्या ओळीवर सरांची सही होती. वरची ओळ कोरी.

बाई आल्या. त्यांनी मस्टर पाहिले, टाक उचलला आणि पहिल्या ओळीवर सही केली.

"कागद फुकट घालवायची सवय तुमची अजून गेली नाही, सर."

सावंत सर वेळापत्रक पाहत राहिले. ती ओळ सवयीने सुटली होती की सोडली होती, याची खात्री मला कधीच करून घेता आली नाही.